लॅमिनेट फ्लोअरिंग का फुगतं? लाकडासारख्या दिसणाऱ्या फरशीची काळजी कशी घ्यायची?

काही वर्षांपूर्वी आम्ही तिघी मैत्रिणी ठाण्यात एका भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहत होतो. हॉलमध्ये नेहमीच्या टाइल्स होत्या, पण मोठ्या बेडरूममध्ये तपकिरी 'वुडन फ्लोअरिंग' होतं. खरं सांगायचं तर त्या खोलीकडे बघूनच आम्ही घर पक्कं केलं होतं. मे महिन्याच्या शेवटी साफसफाईसाठी पलंग सरकवला, तर भिंतीलगतच्या दोन पट्ट्यांच्या कडा फुगून वर आलेल्या. घरमालक काका आले, वाकून बघितलं आणि निकाल देऊन मोकळे झाले. "मावशी पाणी ओतून पुसत असणार. डिपॉझिटमधून कापावे लागतील."

कामाला येणाऱ्या मावशींचं म्हणणं साधं होतं. "ताई, पलंगाखाली मी नुसता झाडू फिरवते. ओलं फडकं तिथवर पोचतच नाही."

त्यांचं बरोबर होतं. सुताराने स्कर्टिंग काढलं तेव्हा मागची भिंत ओली निघाली. वर लावलेल्या एसीचा ड्रेन पाइप सांध्यातून गळत होता आणि ते पाणी भिंतीवरून उतरून थेट फरशीखाली जात होतं. फुगलेल्या पट्ट्या खोलीच्या कोणत्या भागात आहेत हे कुणी आधी नीट बघितलं असतं, तर मावशींवर आळ आलाच नसता.

लॅमिनेट फ्लोअरिंग आता शहरांतल्या बऱ्याच घरांत दिसतं. टाइल्स न तोडता त्यांच्यावरच बसवता येतं, एका खोलीचं काम एक-दोन दिवसांत होतं आणि खऱ्या लाकडापेक्षा खर्चही बराच कमी येतो. पण आपली फरशी पुसायची सवय शहाबादी, मोझॅक आणि टाइल्सवर घडलेली आहे आणि लॅमिनेटला नेमकी तीच सवय मानवत नाही. का, ते समजून घेऊया.

आधी खात्री करा: तुमच्या घरात लॅमिनेटच आहे का?

बाजारात 'वुडन फ्लोअरिंग' या एकाच नावाखाली चार वेगवेगळ्या वस्तू विकल्या जातात आणि प्रत्येकीची काळजी वेगळी असते.

- खरं लाकूड: पट्टी वरपासून खालपर्यंत लाकडाचीच. ती घासून पुन्हा पॉलिश करता येते.
- इंजिनिअर्ड वुड: वर खऱ्या लाकडाचा पातळ थर, खाली प्लायवूडसारखे थर.
- लॅमिनेट: वर लाकडाचं छापील चित्र, आत दाबून घट्ट केलेला लाकडाचा भुसा.
- विनाइल किंवा एसपीसी: प्लास्टिक, किंवा प्लास्टिक आणि दगडाची पूड मिळून बनवलेली पट्टी. पाण्याने ही फुगत नाही.

ओळखायची सोपी खूण अशी. फरशीवरच्या रेषा आणि गाठी नीट बघा. तीच गाठ, तशीच्या तशी, चार-सहा पट्ट्यांनंतर पुन्हा दिसली तर ते छापील चित्र आहे, म्हणजे खरं लाकूड नाही. मग उरलेला एखादा तुकडा असेल तर त्याची कड बघा. आतला भाग खाकी पुठ्ठ्यासारखा, एकसारखा तपकिरी दिसला तर ते लॅमिनेट. राखाडी आणि प्लास्टिकसारखा दिसला तर एसपीसी. तुकडा नसेल तर दाराच्या उंबऱ्याजवळची धातूची पट्टी सुताराकडून सैल करून घेतली की कड दिसते. पाणी टाकून परीक्षा मात्र घेऊ नका.

लॅमिनेटच्या आत काय असतं?

टेबलावर किंवा कपाटावर चिकटवलेला सनमायका आपण सगळ्यांनी बघितलाय. लॅमिनेट फ्लोअरिंग हा त्याचाच भाऊ. स्वीडनमधल्या पेर्स्टोर्प या कंपनीने १९७७ मध्ये हे फ्लोअरिंग तयार केलं. टेबलावर टिकणारा पृष्ठभाग जमिनीवर का टिकणार नाही, अशी त्यामागची कल्पना. पुढे ते 'पर्गो' या नावाने जगभर विकलं गेलं. सुरुवातीला पट्ट्या गोंदाने जोडाव्या लागत. १९९०च्या दशकात एकमेकींत 'क्लिक' होऊन अडकणाऱ्या पट्ट्या आल्या आणि बसवण्याचं काम सोपं झालं.

एका पट्टीत चार थर असतात:

१. वरचा पारदर्शक थर: मेलामाइन नावाच्या राळेचा. त्यात ॲल्युमिनियम ऑक्साइडचे बारीक कण असतात. झीज आणि डाग हा थर सोसतो.
२. चित्राचा कागद: आपल्याला दिसणारं 'लाकूड' म्हणजे हा छापील कागद.
३. मधला गाभा: लाकडाचे बारीक तंतू राळेत मिसळून, प्रचंड दाबाखाली बनवलेला पाटा. याला एचडीएफ म्हणतात. पट्टीची जवळपास सगळी जाडी याचीच.
४. खालचा थर: पट्टी वाकू नये म्हणून लावलेला.

घरगुती पट्ट्या साधारण ६ ते १२ मिलिमीटर जाड असतात. त्यांच्याखाली पातळ फोम असतो. महत्त्वाचं म्हणजे ही फरशी खाली खिळ्यांनी ठोकलेली किंवा चिकटवलेली नसते. सगळ्या पट्ट्या एकमेकींत अडकून एक मोठी चटई तयार होते आणि ती जमिनीवर नुसती टेकलेली असते. म्हणून तिला 'फ्लोटिंग' फरशी म्हणतात.

मग पाणी शिरतं कुठून?

पट्टीच्या वरून नाही. वरच्या राळेच्या थरातून पाणी सहसा आत जात नाही. ते शिरतं दोन पट्ट्यांमधल्या सांध्यातून, भिंतीलगतच्या फटीतून आणि खालून.

सांध्यात एचडीएफच्या कडा असतात. दाबून बसवलेल्या लाकडाच्या तंतूंना पाणी लागलं की ते फुलतात. पाण्यात पडलेली वही वाळवली तरी तिची पानं पूर्वीसारखी सपाट होत नाहीत. इथेही तेच होतं. पाणी वाळून जातं, पण फुगलेली कड खाली बसत नाही. वर आलेल्या कडेवर सतत पाय पडतो, तिथला पारदर्शक थर झिजतो, खालचा कागद उघडा पडतो आणि पुढच्या वेळी पाणी आणखी सहज आत जातं.

एकदा सांडलेला पाण्याचा ग्लास लगेच पुसला तर काही बिघडत नाही. बिघडतं ते रोज थोडं थोडं पाणी सांध्यात राहिल्यामुळे. 'आम्ही तर दोन वर्षं असंच पुसतोय, काही झालं नाही' असं अनेक जण म्हणतात, ते यामुळेच. नुकसान दिसायला लागतं तेव्हा ते बरंच आधी सुरू झालेलं असतं.

रोजची स्वच्छता कशी करायची?

नियम एका ओळीत सांगायचा तर रोज कोरडं, कधीतरी दमट, ओलं कधीच नाही.

रोज: मऊ झाडू किंवा कोरडा मायक्रोफायबर मॉप. खराटा किंवा टोकदार काड्यांची केरसुणी नको. व्हॅक्यूम क्लीनर वापरत असाल तर त्याचा फिरणारा कडक ब्रश बंद ठेवा. पुसणारा रोबो असेल तर या खोलीत त्याचं पाणी बंद करा.

आठवड्यातून एकदा, फार तर दोनदा: दमट मायक्रोफायबर फडकं. दमट म्हणजे किती? फडकं पिळल्यावर आणखी एकदा पिळा, एकही थेंब पडता कामा नये. पुसल्यावर फरशीवरचा ओलसरपणा मिनिटभरात उडून जायला हवा. पाच मिनिटांनंतरही फरशी ओली दिसत असेल तर पाणी जास्त झालंय. पट्ट्यांच्या लांबीच्या दिशेने पुसलं तर डागांचे फराटे कमी दिसतात.

पाणी कोणतं? साधं, पण शक्यतो कमी क्षारांचं. बोअरच्या किंवा टँकरच्या जड पाण्याने गडद रंगाच्या लॅमिनेटवर पांढुरका थर येतो. आरओ फिल्टरमधून वाया जाणारं पाणी साठवून त्याने लादी पुसायची पद्धत अनेक घरांत आहे. पाणी वाचवायला ती चांगलीच आहे, पण त्या पाण्यात क्षार जास्त असतात. ते टाइल्ससाठी वापरा, लॅमिनेटसाठी नको.

काय वापरू नये आणि का?

- फिनाइल, ब्लीच, ॲसिड, संडास-बाथरूमचे क्लीनर: पृष्ठभाग निस्तेज होतो. शिवाय ही सगळी द्रव्यं बादलीभर पाण्यात घालून वापरायची सवय असते, हा दुसरा धोका.
- मीठ घातलेलं पाणी: अनेक घरांत श्रद्धेने मिठाच्या पाण्याने फरशी पुसतात. मीठ सांध्यात साठतं आणि हवेतला ओलावा ओढून घेतं. ही प्रथा हॉलमधल्या टाइल्सपुरती ठेवा.
- साबण आणि कपड्यांची पावडर: मागे चिकट थर राहतो. त्यावर धूळ बसते, पायांचे ठसे उमटतात आणि फरशी आणखी घाण दिसते.
- स्टीम मॉप: जाहिरातीत छान दिसतो, पण गरम वाफ सांध्यात थेट आत घुसते. बहुतेक कंपन्या लॅमिनेटवर तो वापरू नका असं सांगतात.
- पॉलिश, मेण, खोबरेल तेल: लॅमिनेटला तेल 'पाजता' येत नाही, कारण वर लाकूडच नाही. तेल वर तरंगत राहतं आणि घरातलं कुणीतरी घसरून पडतं. ज्येष्ठ मंडळी असतील तर हे अजिबातच नको.
- तारेची घासणी, घासायची पावडर: एकदा ओरखडा पडला की तो घासून काढता येत नाही. लॅमिनेट तासायला गेलात तर चित्राचा कागदच निघून येईल.

क्लीनर लागलाच तर 'लॅमिनेटसाठी' असं लिहिलेला घ्या आणि फरशीवर न ओतता फडक्यावर फवारा.

हे मावशींना कुणी सांगितलंय का?

अनेक घरांत फरशी पुसणारी व्यक्ती आणि लॅमिनेटचे पैसे भरणारी व्यक्ती वेगळी असते. कामाला येणाऱ्या मावशी दिवसातून चार-पाच घरं करतात. बाकी सगळीकडे जास्त पाणी घेऊन पुसलं की कौतुक होतं. तुमच्याच घरी वेगळं वागायचं असेल, तर ते त्यांना पहिल्याच दिवशी सांगायला हवं आणि दाखवायलाही हवं.

तीन गोष्टी पुरतात. या खोलीसाठी वेगळं मायक्रोफायबर फडकं ठेवा, शक्यतो वेगळ्या रंगाचं. ही खोली सगळ्यात आधी पुसायला सांगा, म्हणजे फडकं स्वच्छ असतं आणि बादली ओढत आत न्यावी लागत नाही. आणि 'या खोलीत रोज पुसायची गरज नाही' हे स्पष्ट सांगा. त्यांचं काम कमी होतं आणि तुमची फरशी वाचते.

ओरखडे कशाने पडतात?

वरचा थर चिवट असतो, पण तो काही दगड नाही. त्याचा खरा शत्रू म्हणजे बारीक वाळू. बुटाला चिकटून आलेले वाळूचे कण पायाखाली किंवा खुर्चीखाली घासले गेले की ते पॉलिश पेपरसारखं काम करतात. चपला दाराबाहेर काढायची आपली पद्धत इथे फार उपयोगी पडते. त्याला जोड म्हणून दाराबाहेर एक आणि आत एक पायपुसणं ठेवा.

- पलंग, टेबल, खुर्च्यांच्या पायांना फेल्टचे मऊ तुकडे चिकटवा. वर्षातून एकदा तपासा, कारण त्यांत वाळू अडकली की तेच ओरखडे पाडू लागतात.
- घरून काम करताना चाकांची खुर्ची वापरत असाल तर खाली कडक पारदर्शक चटई टाका किंवा मऊ चाकं बसवून घ्या.
- जड कपाट ओढू नका. उचला. नाहीच जमलं तर खाली जाड गोधडी घालून सरकवा.
- लोखंडी कपाटाच्या पायांखाली फेल्ट किंवा प्लास्टिकच्या टोप्या हव्यातच. दमट हवेत गंज उतरला की तो डाग हट्टी असतो.
- रबराच्या पाठीचे गालिचे आणि पायपुसणी टाळा. त्यांच्याखाली ओलावा कोंडतो आणि काही रबरांचा डागही पडतो.

सणवार आले की

या काळजीचा उल्लेख कंपन्यांच्या माहितीपत्रकात सापडणार नाही, पण आपल्याकडे गरज पडतेच.

रांगोळी: रांगोळी म्हणजे दगडाची बारीक पूड. ती थेट लॅमिनेटवर काढू नका. पाटावर, कडप्प्याच्या तुकड्यावर किंवा जाड कागदावर काढा. फरशीवर सांडलीच तर आधी कोरडी झाडून किंवा व्हॅक्यूमने उचला. ओलं फडकं लावलंत तर तिचा लगदा होऊन सांध्यात बसतो.

गणपती: चौरंगाखाली प्लास्टिकचा मोठा कागद आणि त्यावर सतरंजी घाला. फुलांतून गळणारं पाणी, तीर्थ, नारळाचं पाणी, समईचं तेल हे सगळं दीड दिवस ते दहा दिवस एकाच जागी सांडत असतं. मखरासाठी चिकटपट्टी फरशीला लावू नका.

कुंकू, हळद, मेंदी: सांडल्याबरोबर कोरड्या कागदाने टिपा आणि मग दमट फडक्याने पुसा. रात्रभर तसंच ठेवलं तर सांध्यात रंग उतरतो.

उदबत्ती आणि निरांजन: खाली ताटली ठेवा. जळका डाग म्हणजे वरचा थरच गेला, तो पुसून निघत नाही.

पावसाळा आणि उन्हाळा

लाकडाचे तंतू हवेतला ओलावाही शोषतात. बहुतेक उत्पादक घरातली आर्द्रता साधारण ४० ते ६० टक्क्यांच्या आसपास असावी असं सांगतात. मुंबई, कोकण आणि गोव्यात पावसाळ्यात ती सहज ८० टक्क्यांच्या वर जाते. त्यामुळे तिथे पट्ट्या थोड्या प्रसरण पावणारच. ही जागा मिळावी म्हणूनच भिंतीलगत साधारण ८ ते १० मिलिमीटरची फट सोडतात आणि ती स्कर्टिंगखाली झाकतात. ती फट सिमेंटने किंवा एखाद्या पुट्टीने बुजवू नका.

पावसाळ्यात चार गोष्टी सांभाळा. ओल्या छत्र्या आणि रेनकोट बाहेरच ठेवा. कपडे वाळत घालायचा स्टँड लॅमिनेटवर नको, ठिबकणारं पाणी दिवसभर एकाच जागी पडतं. बाल्कनीच्या आणि खिडकीच्या फटी पावसाआधी बुजवून घ्या. एसी असेल तर अधूनमधून ड्राय मोडवर चालवा. महिनोन् महिने बंद राहणाऱ्या फ्लॅटची चावी कुणाकडे तरी द्या आणि पाऊस उघडेल तेव्हा तासभर खिडक्या उघडायला सांगा.

विदर्भ-मराठवाड्यातला उन्हाळा याच्या उलट. हवा कोरडी झाली की पट्ट्या किंचित आकसतात आणि सांध्यांत बारीक फटी दिसतात. पाऊस सुरू झाला की त्यातल्या बऱ्याच मिटतात, म्हणून लगेच पुट्टी भरायची घाई नको. खरा धोका कूलरचा. टाकी भरताना सांडणारं पाणी आणि जाळीतून उडणारे तुषार यामुळे कूलरसमोरच्या पट्ट्या सगळ्यात आधी जातात. कूलर खिडकीबाहेर ठेवा किंवा त्याच्याखाली ट्रे ठेवा.

पश्चिमेच्या खिडकीतून येणाऱ्या कडक उन्हाने रंग फिका पडू शकतो. गालिचा वर्षानुवर्षं एकाच जागी राहिला तर त्याचा चौकोन उमटतो. पडदा लावा, गालिचा अधूनमधून सरकवा.

फुगवटा कुठे आहे, त्यावरून कारण ओळखा

आमच्या घरी झालेली चूक तुमच्याकडे होऊ नये म्हणून हा भाग जपून ठेवा. कुणाला दोष देण्याआधी नुकसान कुठल्या जागी आहे ते बघा.

- खोलीभर, जवळपास सगळ्याच सांध्यांच्या कडा थोड्या वर: रोजचं ओलं पुसणं.
- एकाच भिंतीलगत: त्या भिंतीत ओल आहे. वर एसी आहे का? पलीकडे बाथरूम आहे का? बाहेरची भिंत आहे का?
- बाथरूमच्या दाराशी: ओले पाय, ओलं पायपुसणं, किंवा बाथरूमच्या वॉटरप्रूफिंगमधून आत येणारं पाणी. पायपुसणं बदलून आणि दोन आठवडे तिथे कोरडं ठेवूनही वाढत असेल तर प्लंबरला बोलवा.
- बाल्कनी किंवा खिडकीसमोर: पावसाचं पाणी.
- खोलीच्या मधोमध तंबूसारखा उंचवटा, कडा मात्र कोरड्या: बहुतेक वेळा प्रसरणाला जागा नाही. भिंतीलगत फट सोडलेली नसते किंवा फरशीवर जड, भिंतीला ठोकलेलं कपाट बसवून एक बाजू जखडलेली असते.
- पाय पडला की दबते किंवा करकरते: खालची जमीन समपातळीत नाही. हा बसवण्यातला दोष.
- पांढुरका थर: नुकसान नाही. क्षार किंवा साबण आहे. स्वच्छ दमट फडक्याने दोन-तीनदा पुसा.
- स्कर्टिंगलगत मातीच्या बारीक नळ्या, ठोकल्यावर पोकळ आवाज: वाळवी. एचडीएफ म्हणजे लाकूडच, तेही वाळवीला चालतं. पेस्ट कंट्रोलवाल्याला लगेच दाखवा.

पाणी सांडलं किंवा खोलीत पाणी शिरलं तर?

थोडं सांडलं असेल तर पुसू नका, टिपा. कोरडा टॉवेल दाबून पाणी उचला, फरकाट्याने पसरवू नका. मग पंखा लावा.

पाइप फुटून किंवा पावसाने खोलीत पाणी साचलं असेल तर वरून पुसून भागत नाही. पाणी फोमखाली जाऊन बसलेलं असतं आणि त्याला उडून जायला वाटच नसते. आधी पाण्याचा स्रोत बंद करा. जवळ स्विच किंवा वायर असेल तर वीज बंद करा. मग त्याच दिवशी सुताराला बोलावून स्कर्टिंग काढा, भिंतीकडून पट्ट्या सोडवा आणि खालची जमीन पूर्ण सुकू द्या. फोम भिजला असेल तर तो बदला. घाईने वरून बंद केलंत तर काही दिवसांत कुबट वास आणि बुरशी येते.

हट्टी डाग कसे काढायचे?

- नेलपॉलिश, पर्मनंट मार्कर, रंग: कापसावर थोडं नेलपॉलिश रिमूव्हर घेऊन हलक्या हाताने पुसा, मग दमट आणि शेवटी कोरडं फडकं. आधी कोपऱ्यात करून बघा. खिडकी उघडी आणि जवळपास दिवा किंवा गॅस नको.
- मेणबत्तीचं मेण, च्युइंगम: पिशवीत बर्फ घेऊन वर ठेवा. कडक झालं की जुन्या एटीएम कार्डाने खरवडा. सुरी नको.
- तेल, तूप: आधी कागदाने टिपून घ्या, मग लॅमिनेट क्लीनर फवारलेलं फडकं.

बिघडलेली पट्टी दुरुस्त होते का?

बारीक ओरखडे आणि टवके झाकता येतात. त्यासाठी रंगाला जुळणाऱ्या मेणाच्या कांड्या किंवा पुट्टी मिळते. फुगलेली पट्टी मात्र परत बसत नाही. वर वजन ठेवणं, इस्त्री फिरवणं या युक्त्यांनी वेळ आणि कधीकधी वरचा थरही जातो.

समाधानाची गोष्ट ही की संपूर्ण खोली बदलावी लागत नाही. क्लिकच्या पट्ट्या असल्यामुळे कारागीर जवळच्या भिंतीपासून एकेक सोडवत येतो, खराब पट्टी बदलतो आणि बाकीच्या परत बसवतो. अडचण एकच, तोच रंग काही वर्षांनी मिळत नाही. म्हणून फरशी बसवतानाच एक खोकं जास्तीचं घ्या आणि माळ्यावर आडवं, कोरड्या जागी ठेवा. आणि पाणी कुठून आलं ते सापडल्याशिवाय पट्टी बदलू नका. नाहीतर नवी पट्टीही फुगेल.

भाड्याच्या घरात राहत असाल तर

घरात शिरताना प्रत्येक कोपऱ्याचे फोटो आणि एक व्हिडिओ काढा. पलंगाखालचे आणि एसीखालचेही. आधीच फुगलेल्या किंवा ओरखडे पडलेल्या जागा दिसल्या तर त्याच दिवशी घरमालकांना व्हॉट्सॲपवर पाठवा, म्हणजे तारखेची नोंद राहते. ओल दिसली तर फोनवर न बोलता लिहून कळवा. करार करताना नैसर्गिक झीज आणि भिंतीतल्या गळतीचा खर्च कुणाचा, हे लिहून घेतलं तर घर सोडताना वाद होत नाही.

नवीन बसवायचा विचार असेल तर

- जागा: बेडरूम, अभ्यासिका, कोरडा हॉल. स्वयंपाकघर, बाथरूमलगतचा पॅसेज, बाल्कनी आणि ओल येणारा तळमजला यांसाठी एसपीसी किंवा टाइल्स बऱ्या.
- एसी क्रमांक: खोक्यावर एसी३, एसी४ असं लिहिलेलं असतं. याचा एअर कंडिशनरशी संबंध नाही. झीज किती सोसेल त्याचा हा दर्जा आहे आणि तो युरोपीय मानकातून आलाय. बेडरूमला एसी३ पुरतो, वर्दळीच्या हॉलला एसी४ घ्या. हा क्रमांक झिजेचा आहे, पाण्याचा नाही.
- 'वॉटर रेझिस्टंट' म्हणजे वॉटरप्रूफ नाही. अशा पट्ट्या सांडलेलं पाणी काही तास सोसतात, रोजची बादली नाही. वॉरंटीचा कागद वाचा. झिजेची हमी अनेक वर्षांची असली तरी पाण्याने झालेलं नुकसान बहुतेक वेळा त्यात धरलेलं नसतं.
- बसवण्याआधी: खोकी त्याच खोलीत निदान ४८ तास ठेवा, म्हणजे पट्ट्या तिथल्या हवेला सरावतात. खाली सिमेंटची जमीन असेल तर फोमखाली प्लास्टिकचा कागद घालायला सांगा. भिंतीलगतची फट स्वतः बघा.

थोडक्यात

लॅमिनेट नाजूक नाही. त्याला फक्त पाणी नको आणि वाळू नको. मऊ झाडू, नीट पिळलेलं फडकं, पायांखालचे फेल्टचे तुकडे आणि पावसाआधी एकदा एसीचा पाइप व खिडक्यांच्या फटी तपासणं, एवढं केलं तर ही फरशी अनेक वर्षं चांगली राहते.

आमच्या घरी शेवटी काकांनी एसीचा पाइप बदलून घेतला, दोन पट्ट्या नव्या टाकल्या आणि डिपॉझिट पूर्ण परत दिलं. पट्ट्यांचा रंग थोडा वेगळा आला, तो अजूनही पलंगाखाली लपलेला असेल. मावशींना मात्र 'तुमची चूक नव्हती' हे सांगायला काकांना आठवण करून द्यावी लागली. तुमच्या घरी फरशी फुगली तर आधी त्या भिंतीला हात लावून बघा.